एका पियानोपाशी दोघे : प्रस्तावना

आजच्या पियानोला ८८ पट्ट्या असतात. पहिलीपासून शेवटचीपर्यंत टेप लावली तर अंतर भरतं साधारण १२२ सेंटिमीटर, म्हणजे जेमतेम चार फूट. एकटा वाजवणारा बसला की ही जागा ऐसपैस वाटते. त्याच्या शेजारी दुसऱ्याला बसवलं की दोघांच्या वाट्याला दोन-दोन फूट उरतात. उजवीकडच्याचा डावा हात आणि डावीकडच्याचा उजवा हात सारखे एकमेकांच्या वाटेत येतात. कोपर कुठे ठेवायचं हे सूर लावण्याआधी ठरवावं लागतं. सूर घुमवणारं पेडल एकच, आणि तेही दोघांपैकी एकाच्याच पायाशी. या अडचणीच्या जागेसाठी युरोपात अठराव्या शतकाच्या उत्तरार्धापासून विसाव्या शतकापर्यंत जे भरघोस संगीत लिहिलं गेलं, त्याची ओळख करून देण्यासाठी हे पुस्तक लिहिलं आहे.

पियानो वाजवता येत नाही आणि स्टाफ नोटेशन वाचता येत नाही, असा वाचक मी डोळ्यांसमोर ठेवला आहे. त्याला ऐकण्याची हौस असली की पुरे. वाजवणाऱ्यांनाही इथे काही नवं सापडेल, कारण चार हातांचं संगीत बहुतेक जण शिकताना वाजवतात आणि शिकून झालं की विसरतात. मुंबई, पुणे, गोव्यात ट्रिनिटीच्या नाहीतर रॉयल स्कूल्सच्या परीक्षांना बसणारी मुलं आहेत, त्यांच्यापैकी कित्येकांची या प्रकाराशी ओळख सरांच्या शेजारी बसून होते. व्हिएन्नाच्या डियाबेलीने अशाच शिकवणीसाठी २८ छोटे तुकडे रचले. त्यांत विद्यार्थ्याचे हात पाच सुरांपलीकडे हलत नाहीत. बाकीचं सगळं शेजारचे मास्तर सांभाळतात. हायडनच्या एका रचनेचं तर नावच ‘गुरू आणि शिष्य’ आहे. गुरू एक ओळ वाजवतो, शिष्य तीच वरच्या सप्तकात गिरवतो. यातून या प्रकारावर ‘मुलांचं संगीत’ असा जो शिक्का बसला, तो पुसायला फार वेळ लागला. अजूनही तो पुरता पुसला गेलेला नाही.

दुसरा शिक्का त्याहून चिवट आहे. हे संगीत दुसऱ्या कशाची तरी बदली म्हणून आलेलं आहे, असं धरून चालायची अभ्यासकांना सवय होती. कुणाला त्यात दडलेली सिम्फनी ऐकू येई, कुणाला अव्यक्त प्रेम, तर कुणाला एकोणिसाव्या शतकातल्या मध्यमवर्गीय दिवाणखान्याचा सुखवस्तूपणा. यांतलं काहीच खोटं नाही. पण या सगळ्यात मूळ गोष्ट, म्हणजे एका वाद्यावर वीस बोटांची सोय कशी लावली आहे, ती कडेला पडते. हे संगीत आधी बाकावर बसून पाहावं, मग सभागृहातल्या खुर्चीवर जाऊन ऐकावं, असा माझा आग्रह आहे, आणि पुस्तकाची आखणी त्याच आग्रहातून झाली आहे.

म्हणून आधी बाकावर बसू. उजवीकडे, उंच सुरांकडे बसणारा तो प्रिमो. डावीकडे, खर्जाकडे बसणारा तो सेकंडो. नावांवरून पहिला थोरला आणि दुसरा धाकटा वाटतो. प्रत्यक्षात घराची किल्ली धाकट्याकडेच असते. पेडल सहसा सेकंडोच वापरतो. उजवं पेडल दाबलं की तारांवर टेकलेले डँपर उचलले जातात आणि पट्टीवरून बोट काढलं तरी सूर घुमत राहतो. पायाने सोडलं की सूर तुटतो. आता कल्पना करा, लांब, गाती सुरावट प्रिमोच्या हातात आहे. ती सलग ऐकू यावी म्हणून पेडल हवं, पण खाली स्वरसंगती बदलली की तेच पेडल क्षणभर सोडून पुन्हा दाबायला हवं, नाहीतर सगळा चिखल होतो. हे करायचं कुणी? जो ती सुरावट वाजवतच नाही त्याने. गाणं प्रिमोचं आणि त्याचा श्वास सेकंडोच्या तळपायात, अशी ही व्यवस्था. सेकंडोचा कान स्वतःच्या हातांपेक्षा शेजाऱ्याच्या हातांकडे जास्त लागलेला असावा लागतो. एकट्याने पियानो वाजवण्यात मुरलेल्या मोठमोठ्या वादकांची इथे गडबड होते ती नेमकी यामुळेच.

मधल्या सप्तकात तर एकच पट्टी दोघांना लागते. प्रिमोचा सूर कागदावर दोन मात्रांचा लिहिलेला असतो, पण दुसरी मात्रा संपताक्षणी सेकंडोला तीच पट्टी वाजवायची असते. अशा वेळी प्रिमोला सूर थोडा आधी सोडावा लागतो, आणि तोही तुटल्यासारखा न वाटू देता. आजच्या पियानोची यंत्रणा बरीच मदत करते. पॅरिसच्या एरारने १८२१ साली पेटंट घेतलेल्या रचनेमुळे पट्टी पुरती वर यायच्या आधीच पुन्हा वाजवता येते. व्हिएन्नाच्या जुन्या पियानोंत ही सोय नव्हती. त्यांच्या पट्ट्या हलक्या होत्या, उथळ होत्या आणि रुंदीला आजच्यापेक्षा अंमळ कमी होत्या. म्हणजे गर्दी आजच्याहून जास्तच.

छपाईचीही एक गंमत आहे. चार हातांच्या छापील प्रतीत डावं पान सेकंडोचं आणि उजवं प्रिमोचं असतं. दोन्ही पानांवर रचनेचा तेवढाच भाग बसवतात, म्हणजे पान एकदमच उलटता येतं. यात वाजवणाऱ्याची सोय झाली, अभ्यासकाची मात्र पंचाईत. संपूर्ण रचना एका नजरेत कुठेच दिसत नाही. शेजाऱ्याचं काय चाललंय हे पाहायला मान वळवावी लागते, आणि जलद लयीत मान वळवायला वेळ नसतो. या प्रकाराकडे विश्लेषकांचं दुर्लक्ष झालं याला मोठी वैचारिक कारणं देतात. मला वाटतं, पानांची ही मांडणी हेही एक साधं कारण असावं.

आपल्याकडच्या श्रोत्याला दोन वादक म्हटले की जुगलबंदी आठवते. ती अपेक्षा इथे थोडी बाजूला ठेवावी. जुगलबंदीत प्रत्येकाकडे आपलं वाद्य असतं, आपला बाज असतो, आणि सवाल-जवाबात कोण कुणावर मात करतो याची उत्सुकता असते. इथे सगळं आधी लिहिलेलं असतं. मुख्य म्हणजे नाद एकच असतो. डोळे मिटून ऐकलं तर मधल्या सप्तकातला कुठला सूर कुणाचा हे सांगता येत नाही, आणि वादकांचीही तशीच इच्छा असते. दोन पियानोंवरचं युगुलवादन हा वेगळाच प्रकार आहे. तिथे दोघांनाही पूर्ण कीबोर्ड मिळतो, पूर्ण ताकद मिळते, स्वतःचं पेडल मिळतं. त्याचा विचार या पुस्तकात केलेला नाही.

इतिहास थोडक्यात सांगतो, कारण तो पुढे प्रकरणवार येणारच आहे. लहानग्या मोत्सार्टने बहीण नानर्ल हिच्याबरोबर लंडनमध्ये एका वाद्यावर वाजवलं. १७८० च्या सुमाराला योहान नेपोमुक देल्ला क्रोचेने काढलेल्या मोत्सार्ट कुटुंबाच्या चित्रात बहीणभाऊ एका कीबोर्डपाशी बसले आहेत आणि त्यांचे हात एकमेकांवरून गेलेले आहेत. चित्रकाराला हा प्रकार नेमका कशामुळे पाहण्यासारखा वाटला ते त्या हातांतच दिसतं. १७७७ मध्ये लंडनमध्ये चार्ल्स बर्नीने एका वाद्यावर दोघांसाठी लिहिलेले सोनाटा छापले. त्यानंतर पियानो घरोघरी आला, प्रकाशकांची भरभराट झाली आणि चार हातांच्या प्रतींचा महापूर आला. त्यातल्या बहुतेक प्रती मूळ रचनांच्या नव्हत्या, रूपांतरांच्या होत्या. ग्रामोफोनच्या आधीच्या काळात बीथोवनची सिम्फनी आयुष्यात एकदा किंवा दोनदा वाद्यवृंदाकडून ऐकायला मिळाली तर मिळाली. बाकी वेळ ती घरी, चार हातांनी वाजवून ऐकायची. ब्राम्सने आपल्या बहुतेक सिम्फनींची अशी रूपांतरं स्वतः केली. त्याच्या ‘हंगेरियन नृत्यां’चे पहिले दोन भाग १८६९ मध्ये चार हातांसाठीच निघाले आणि प्रकाशक झिमरॉकला त्यांतून इतका पैसा मिळाला, की त्याने तसंच काही लिहून द्या म्हणून द्वोर्झाकला गाठलं. १८७८ ची ‘स्लाव्होनिक नृत्यं’ त्यातून आली. कलेच्या इतिहासात अशा धंदेवाईक मागण्यांचा वाटा आपण उगाच कमी मानतो.

रूपांतराचं एक उदाहरण मात्र जरा सविस्तर सांगायला हवं, कारण माझा मुद्दा त्यात बीथोवननेच मांडून ठेवला आहे. तंतुवाद्यांसाठीचा त्याचा ‘ग्रोसे फ्यूग’ (फ्यूग म्हणजे एकच सुरावट एकामागून एक आवाजांनी उचलून गुंफलेली रचना) श्रोत्यांच्या डोक्यावरून गेला, तेव्हा त्याचं चार हातांचं रूपांतर काढायचं ठरलं. काम आंटोन हाल्म या पियानोवादकाकडे गेलं. हाल्मने सोय पाहिली. दोघांचे हात एकमेकांत अडकू नयेत म्हणून त्याने एकेक सुरावट मधेच तोडून या हातातून त्या हातात दिली. बीथोवनला हे मुळीच पसंत पडलं नाही. त्याने १८२६ मध्ये स्वतः बसून सगळं नव्याने लिहिलं. हात अडकले तरी चालतील, सुरावट तुटता कामा नये, हा त्याचा बाणा. या रूपांतराला त्याने स्वतंत्र क्रमांकही मिळवून दिला : ओपस १३४. त्याचं हस्तलिखित पुढे बेपत्ता झालं आणि २००५ मध्ये फिलाडेल्फियाजवळच्या एका धर्मशिक्षण संस्थेच्या कपाटात सापडलं. त्याच वर्षी लंडनला लिलावात त्याला अकरा लाख पौंडांच्या वर किंमत आली. ज्या प्रकाराला लोक घरगुती करमणूक समजत होते, त्यातल्या हातांच्या वाटणीसाठी बीथोवनने आयुष्याच्या शेवटच्या वर्षात किती खोडाखोड केली होती, ते त्या पानांवर दिसतं.

‘बदली संगीत’ या समजाने मूळ रचनांवरही अन्याय झाला. शूबर्टने १८२४ मध्ये तेव्हा हंगेरीत असलेल्या झेलिझ गावी सी मेजरमधला एक मोठा सोनाटा चार हातांसाठी लिहिला. प्रकाशकही असलेल्या डियाबेलीने तो १८३८ मध्ये, शूबर्ट जाऊन दहा वर्षं होत आली असताना, ‘ग्रँड ड्युओ’ या नावाने छापला आणि अर्पण केला तेव्हाच्या क्लारा वीक, म्हणजे पुढच्या क्लारा शूमान, हिला. रॉबर्ट शूमानने तो पाहिला आणि म्हटलं, ही सिम्फनी आहे, पियानोसाठी उतरवून घेतलेली. हस्तलिखितात तर स्पष्टच चार हातांसाठी लिहिलेलं होतं. तरी ती शंका गेली नाही. १८५५ मध्ये व्हायोलिनवादक योआखिमने त्याचं वाद्यवृंदासाठी रूपांतरही करून टाकलं. शूमानचा कान उत्तम होता यात वाद नाही. पण भरघोस, पसरट, लांब पल्ल्याचं काही ऐकलं की ते वाद्यवृंदाचंच असणार, हा त्याच्या काळाचा पूर्वग्रह त्याच्याही कानात होता. चार हातांना स्वतःचा मोठेपणा असू शकतो हे त्याच्या हिशोबातच नव्हतं.

शूबर्टची एफ मायनरमधली ‘फँटसी’ ऐकल्यावर असली शंका कुणाला येऊ नये. १८२८ च्या सुरुवातीच्या महिन्यांत ती लिहिली गेली. ९ मे रोजी शूबर्टने आणि त्याचा मित्र फ्रान्झ लाखनर याने ती बाउअर्नफेल्ड या मित्राला वाजवून दाखवली. नोव्हेंबरात शूबर्ट वारला, वयाच्या ३१ व्या वर्षी, आणि मार्च १८२९ मध्ये ती छापली गेली. अर्पणपत्रिकेत नाव आहे काउंटेस कारोलिने एस्टरहाझी हिचं. १८१८ आणि १८२४ च्या उन्हाळ्यांत झेलिझला शूबर्ट तिच्या आणि तिच्या बहिणीच्या शिकवणीसाठी राहिला होता. एवढ्या सामग्रीवर चरित्रकारांनी प्रेमकथेचे मजले चढवले आहेत. शेजारी बसलेले दोघे, चिकटलेली कोपरं, सामाजिक अंतर : कथेला लागतं ते सगळं इथे आहे. ती कथा मी मोडीत काढणार नाही. फक्त तिच्यामुळे रचनेतलं काही नवं ऐकू येतं असं मला कधी वाटलं नाही.

ऐकू येतं ते असं. सेकंडो हलक्या, घोटलेल्या सुरांची सतार लावल्यासारखी एक सलग हालचाल सुरू करतो. त्यावर प्रिमो एक साधी सुरावट आणतो : खालचा सूर, त्यावरचा चौथा सूर, पुन्हा तोच, अडखळत्या लयीत. इतकंच. ती सुरावट पुढे मेजरमध्ये येते आणि तिचा चेहराच बदलतो, मग पुन्हा मायनरमध्ये परतते. मधला संथ भाग एफ मायनर सोडून अर्ध्या सुराने वर, एफ शार्प मायनरमध्ये उभा राहतो. इतकं जवळचं आणि तरीही परकं ठिकाण शूबर्टने का निवडलं, याचं समाधानकारक उत्तर मी कुठल्याही पुस्तकात वाचलेलं नाही. कानाला मात्र धक्का बरोबर बसतो. मग त्याच स्वरात स्केर्झो. शेवटी मूळ सुरावट परत येते आणि तिला लागूनच एक मोठा फ्यूग सुरू होतो. त्यात दोघांचेही दोन्ही हात समान भागीदार होतात. गर्दी वाढत जाते, जागा उरत नाही, आणि ऐन भरात सगळं थांबतं. थोडी शांतता. मग ती पहिली सुरावट, जवळजवळ तशीच. शेवटच्या काही ठेक्यांतले स्वरसमूह वादकांनी किती संथ वाजवावेत यावर वाद आहे. मुद्दाम ओढून वाजवलेले मला सहन होत नाहीत.

विसाएक मिनिटांच्या या रचनेत कसब पुष्कळ लागतं, पण ते दाखवायचं नसतं. कसब दाखवायची रचना तेरा वर्षांनी लाइपझिगला आली.

३१ मार्च १८४१. गेवांडहाउस या सभागृहात वाद्यवृंदाच्या निवृत्तिवेतन निधीसाठी मैफल होती. संचालन फेलिक्स मेंडेल्सोनकडे. त्या दिवशी रॉबर्ट शूमानची पहिली सिम्फनी, ‘वसंत’ या नावाने ओळखली जाणारी, प्रथमच सादर झाली. इतिहासात ती तारीख सिम्फनीच्या नावे नोंदली गेली आणि कार्यक्रमातली दुसरी एक नवी रचना तिच्या सावलीत गेली. मेंडेल्सोनने खास या मैफलीसाठी चार हातांचं एक युगुल लिहिलं होतं आणि ते तो क्लारा शूमानच्या शेजारी बसून वाजवणार होता. आदल्या सप्टेंबरात क्लारा आणि रॉबर्टचे दोनाचे चार हात झाले होते. मंचावर मात्र तिच्या शेजारचे दोन हात नवऱ्याचे नव्हते. रॉबर्टच्या उजव्या हाताचं बोट कधीच कामातून गेलं होतं. शिवाय घरी त्याची रचना चालू असली की पातळ भिंतींमुळे क्लाराला सराव बंद ठेवावा लागे. दोघांनी मिळून लिहिलेल्या दैनंदिनीत तिची ही तक्रार नोंदलेली आहे. लग्नानंतर या सभागृहात ती प्रथमच वाजवत होती. श्रीमती शूमान म्हणून लोकांसमोर यायचं आणि हात किंचितही सैल झालेले नाहीत हे दाखवायचं, असे दोन्ही हिशोब त्या संध्याकाळी होते.

मेंडेल्सोन ३२ वर्षांचा, क्लारा २१ ची, आणि दोघेही युरोपातल्या पहिल्या पंक्तीचे पियानोवादक. चार हातांचं संगीत त्याच्या घरातलंच होतं. १८२६ च्या नोव्हेंबरात, सतरा वर्षांचा असताना, त्याने आणि बहीण फानी हिने आपल्या बर्लिनच्या घरी ‘मिडसमर नाइट्स ड्रीम’ची नुकतीच लिहिलेली ओव्हर्चर पियानोवादक मोशेलेसला चार हातांनीच ऐकवली होती. पण घरी वाजवणं वेगळं आणि पैसे देऊन आलेल्या रसिकांसमोर, वाद्यवृंदाच्या दोन रचनांच्या मधे वाजवणं वेगळं. चार हातांच्या संगीताला मंच परका होता. दोघे प्रेक्षकांना अर्धी पाठ करून एका बाकावर बसणार, एक दुसऱ्याला झाकणार, आणि आवाजाची ताकद काही दुप्पट होणार नाही.

शिवाय तो काळ एकट्या नायकांचा होता. आदल्याच वर्षी मार्चमध्ये लिस्ट लाइपझिगला वाजवून गेला होता. थाल्बर्गची ख्याती अशी, की मधल्या सुरावटीसाठी दोन्ही अंगठे वापरून आणि तिच्या दोन्ही बाजूंना लहरी फिरवून तो दोन हातांत तिसऱ्या हाताचा भास निर्माण करी. मेंडेल्सोनने नेमकी उलटी दिशा धरली. चार हात घेतले आणि ते एकाच अंगाचे वाटावेत असं लिहिलं.

रचना ए मेजरमध्ये आहे. आधी संथ, गाता अँडांटे आणि त्याला जोडून अ‍ॅलेग्रो, फार जलद. अ‍ॅलेग्रोमध्ये मात्रेला चार-चार सूर या हिशोबाने बोटं पळतात, पण वजन कुठेच पडत नाही. ‘मिडसमर नाइट्स ड्रीम’मधल्या पऱ्यांची तीच चाल. दुसरी कल्पना गाती येते, थोडा दम घ्यायला जागा देते, आणि पुन्हा पळापळ. लिस्टच्या रचनेत वादक एखाद्या ठिकाणी लय हवी तशी ओढू शकतो. श्रोते ती त्याची अदा समजतात. इथे ती मुभा नाही. एकाने केसभर जरी घाई केली तरी दुसरा उघडा पडतो. सेकंडोने सवयीने पेडल दाबून ठेवलं तर प्रिमोची सगळी नक्षी पुसली जाते. म्हणून उत्तम सेकंडो इथे पाय जवळजवळ उचलूनच वाजवतो आणि जो घुमारा हवा तो बोटांतून काढतो. या रचनेतलं खरं कसब मला तिथे दिसतं. टाळ्या प्रिमोच्या नक्षीला मिळतात हा भाग वेगळा.

या रचनेला कुणी सिम्फनीचं रूपांतर म्हणू शकणार नाही. इतके हलके, इतके जलद आणि इतके सुटे सूर वाद्यवृंदाला पेलणारे नाहीत. प्रेमकथा तिच्यावर चिकटत नाही. ती दिवाणखान्यासाठीही नव्हती. हौशी वादकांच्या घरात ती पहिल्या पानावरच थांबली असती. ‘बदली’चे तिन्ही खुलासे जिथे लटके पडतात अशी ही रचना आहे, म्हणूनच माझ्या मांडणीचा कणा ती झाली.

छपाईत तिची वाताहत झाली ती कथाही सांगण्याजोगी आहे. मेंडेल्सोन १८४७ च्या नोव्हेंबरात वारला, तेव्हा त्याच्या पुष्कळ रचना छापायच्या राहिल्या होत्या. प्रकाशकांनी त्या एकेक करून काढल्या आणि ७३ पासून पुढचे ओपस क्रमांक दिले. हे क्रमांक रचनेचा काळ सांगत नाहीत. ‘इटालियन सिम्फनी’चा क्रमांक ९० आहे, पण ती १८३३ ची. नवख्या अभ्यासकाने मेंडेल्सोनच्या मोठ्या क्रमांकावरून ‘उत्तरकालीन प्रौढ शैली’ असं काही लिहायच्या आधी हे तपासावं. आपल्या युगुलाला क्रमांक मिळाला ९२, आणि ब्राइटकॉप्फ उंड हेर्टल यांनी १८५१ मध्ये ते ‘अ‍ॅलेग्रो ब्रियां’ म्हणून काढलं. अँडांटे गाळूनच टाकला. पुढची शंभरावर वर्षं वादक उत्तरार्धच वाजवत राहिले आणि तो पूर्ण आहे असं समजत राहिले. विसाव्या शतकाच्या अखेरीस संपादकांनी अँडांटे परत जागेवर आणला. त्याच्याशिवाय अ‍ॅलेग्रो नुसती धावपळ वाटते. त्याच्यासकट ती सुटका वाटते. तरीही मैफलींत अजून अनेक जण १८५१ चीच सवय पाळतात.

या क्षेत्रातलं लेखन फार नाही, पण जे आहे ते वाचनीय आहे. तत्त्वज्ञ थिओडोर अडोर्नोने १९३३ मध्ये बालपणीच्या चार हातांच्या वादनावर एक छोटा लेख लिहिला. एरवी दुर्बोध असणारा हा माणूस तिथे चक्क हळवा झाला आहे. अर्नेस्ट लुबिनचं १९७० चं पुस्तक वाजवणाऱ्यांसाठी मित्रासारखं आहे, थोडं भाबडं. कॅमेरॉन मॅकग्रॉची १९८१ ची सूची म्हणजे नुसती नावांची जंत्री, पण तिच्याशिवाय या विषयात पान हलत नाही. फिलिप ब्रेटने १९९७ मध्ये शूबर्टच्या युगुलांतली दोन पुरुषदेहांची जवळीक हा विषय उघडपणे मांडला आणि बऱ्याच जणांना अस्वस्थ केलं. त्याचे सगळे निष्कर्ष मला पटत नाहीत, पण दोन शरीरं शेजारी बसतात ही गोष्ट त्याने गंभीरपणे घेतली, त्याबद्दल या क्षेत्राने त्याचं ऋण मानावं. थॉमस क्रिस्टेन्सनने १९९९ मध्ये रूपांतरांचा प्रसार आणि त्यांनी घडवलेले श्रोते यांचा मागोवा घेतला. एड्रियन डॉबचं २०१४ चं पुस्तक साहित्यातली, चित्रांतली, समाजातली चार हातांची प्रतिमा शोधतं. या सगळ्यांत हातांचं प्रत्यक्ष काम मात्र कडेलाच राहतं. माझी भर, असली तर, तिथे आहे.

आता पुस्तक कसं वाचावं त्याबद्दल. पहिली तीन प्रकरणं बाक, पेडल आणि पानांची मांडणी यांवर आहेत. पियानोवादकांनी ती चाळली तरी चालेल, इतरांनी सावकाश वाचावीत. पुढे शूबर्ट, मेंडेल्सोन, ब्राम्स अशी प्रकरणं आहेत, आणि शेवटाकडे फ्रेंच मंडळी. बिझेचे ‘मुलांचे खेळ’, फोरेची ‘डॉली’, राव्हेलची ‘मदर गूज’ या रचना तिथे भेटतील. राव्हेलच्या रचनेचं पहिलं जाहीर वादन १९१० मध्ये दोन लहान मुलींनी केलं होतं, पण तेवढ्यावरून तिला सोपी समजून पुढे जाऊ नये. ऐकण्यासाठी शूबर्टची फँटसी राडू लुपू आणि मरे पेराया यांनी वाजवलेली घ्यावी. त्या दोघांत कोण कुठे संपतो हे शोधण्यातच पहिला तास निघून जातो. मेंडेल्सोनचं युगुल घेताना ध्वनिमुद्रणाच्या यादीत अँडांटे आहे का ते आधी बघा. आणि बीथोवनच्या फ्यूगचं प्रकरण सगळ्यात शेवटी ठेवा. ते पुस्तकातलं सगळ्यात लांब आहे, ती रचना कानालाही जड आहे, आणि हाल्मने टाळलेले हात बीथोवनने कुठे कुठे अडकवले आहेत हे समजायला तोवरची सगळी प्रकरणं लागतात.